देहदानाच्या अर्जावर एक ओळ वाढवा : शरीररचनाशास्त्र विभागांना खुले पत्र

प्रति,
वैद्यकीय महाविद्यालयांतले शरीररचनाशास्त्र विभागप्रमुख आणि अभ्यासक्रम समित्यांचे सदस्य

विषय : डिसेक्शन (शवविच्छेदन) हॉलमध्ये चित्रकारांना प्रवेश आणि त्यासाठी देहदात्यांची संमती

सादर नमस्कार.

मागणी आधी सांगते, कारणं मागाहून. तुमच्या डिसेक्शन हॉलमध्ये चित्रकाराला बसू द्या. आणि देहदानाच्या अर्जावर एक ओळ वाढवा : माझ्या देहावरून चित्रं काढली तर चालतील का? दोन्ही गोष्टी जोडीने हव्यात. दुसरीशिवाय पहिली मिळणार असेल तर मला ती नको.

मी चित्रकार आहे. माणसाचं शरीर हा माझ्या कामाचा विषय, आणि त्यातही कातडीखालचं शरीर. स्केचबुक घेऊन मी ॲनाटॉमीच्या टेबलापाशी बसलेली आहे, रीतसर परवानगी काढून, पण खरं सांगायचं तर शिकवणाऱ्यांच्या मर्जीवर. ही मर्जी विभागागणिक बदलते. एकीकडे दार उघडतं, चहासुद्धा मिळतो. दुसरीकडून अर्ज ‘संग्रहालयाशी संपर्क साधावा’ असा शेरा घेऊन परत येतो. शेरा मारणाऱ्याला तरी काय बोलणार? असा अर्ज कुठल्या फायलीत लावायचा याचा नियमच त्याच्याकडे नसतो. हे पत्र त्या नियमासाठी आहे.

‘आता चित्रकार कशाला?’ हा प्रश्न मला नेहमी विचारला जातो. फोटो आहेत, एमआरआय आहे, पडद्यावर बोटाने फिरवता येणारी थ्रीडी मॉडेल्स आहेत. खरंच आहे, आणि ती सगळी मीही वापरते. पण फोटो समोरचं सगळं सारख्याच इमानाने उचलतो. चरबीचा थेंब, चिमट्याची चमक, मज्जातंतू, सगळ्यांना एकच भाव. चित्र काढणाऱ्याला मात्र प्रत्येक रेघेला ठरवावं लागतं : ही कड कुणाची आणि ती पुढे कुठे जाते?

हाताच्या बोटाचंच बघा. बोट वाकवणारे दोन टेंडन, म्हणजे स्नायूला हाडाशी जोडणारे दोर, तळव्याच्या बाजूने येतात, एक वर आणि एक खाली. वरच्याचं काम मधल्या पेरावर संपतं. खालच्याला शेवटच्या पेरापर्यंत पोचायचं असतं, पण वरचा वाटेत पसरलेला. मग वरचा दुभंगतो, खालचा त्या फटीतून पुढे सटकतो, आणि दुभंगलेले दोन पदर त्याच्या खालून एकमेकांना मिळून मधल्या पेराच्या हाडाला चिकटतात. हे वाक्य वाचताना मान हलते, कळल्यासारखं वाटतं. तेच कागदावर काढायला घेतलं की पेन्सिल अडते. पदर खाली जाताना त्याला पीळ पडतो, म्हणजे मघाशी वर दिसणारी बाजू आता आत वळली. मग छाया कुठे द्यायची? अडलं की उठून पुन्हा टेबलाशी जावं लागतं, फोर्सेप्सने पदर उचलून बघावं लागतं. शिकणं त्या फेरीत होतं. तयार मॉडेल पाहताना असं अडायला होत नाही, कारण तिथले सगळे निर्णय दुसऱ्या कुणीतरी आधीच घेऊन टाकलेले असतात.

रंगांचंही तसंच. ॲटलासमध्ये, म्हणजे शरीररचनेच्या चित्रांच्या पुस्तकात, धमनी लाल, शीर निळी, मज्जातंतू पिवळा. फॉर्मॅलिनमध्ये ठेवलेल्या देहात सगळं थोड्याफार फरकाने एकाच मातकट रंगाचं. तिथे ओळख पटते ती बोटांना. धमनीची भिंत जाड असल्याने ती दाबली तरी गोलाई धरून राहते, शीर चपटी पडते, मज्जातंतू भरीव दोरीसारखा लागतो. पहिल्या वर्षाचे विद्यार्थी टेबलाशी आले की गोंधळतात, कारण ते पाठ केलेले रंग शोधत असतात. तुम्हाला हे रोजचंच आहे. त्याच्यावरचा एक उपाय फार जुना आणि स्वस्त आहे : दिसतंय तसं काढायला लावा.

आणि कॅमेरा आल्यावर चित्रकाराचं काम संपलं, हा समज तर पहिल्या महायुद्धातच खोटा ठरला होता. हेन्री टाँक्स हा इंग्लंडमधला शस्त्रक्रिया शिकलेला डॉक्टर, पुढे लंडनच्या स्लेड कलाशाळेत चित्रकला शिकवणारा. १९१६ पासून त्याने हॅरॉल्ड गिलीज या प्लास्टिक सर्जनसाठी चेहरे उद्ध्वस्त झालेल्या सैनिकांची पेस्टलमध्ये (रंगीत खडूंनी) चित्रं काढली. रुग्णालयात कॅमेरा होता. पण त्या काळच्या कृष्णधवल फोटोत ओली जखम, भरत आलेली कातडी आणि जुना व्रण यांतला फरक हरवायचा. पेस्टलमध्ये तो टिकला. त्या चित्रांकडे बघताना आणखी एक गोष्ट घडते, जी फोटोंपुढे माझ्या बाबतीत तरी घडत नाही. नजर जखमेवरून डोळ्यांकडे जाते. समोर रुग्णालयातली ‘केस’ नाही, माणूस बसलाय, याचं भान टाँक्सच्या हाताने कुठेही सोडलेलं नाही.

चित्रकारांची बाजू मांडतेय म्हणून चित्रं खोटं बोलत नाहीत असं मात्र मी म्हणणार नाही. लिओनार्दो दा विंचीचं गर्भाशयातल्या बाळाचं चित्र तुम्ही पाहिलेलंच असेल, १५११ च्या आसपासचं. गुडघे पोटाशी घेतलेलं ते बाळ इतकं खरं वाटतं की त्याच्याभोवतीची वार (प्लॅसेंटा) गायीची आहे हे लक्षातच येत नाही. माणसाची वार एक सलग तबकडी असते. लिओनार्दोने काढलेत ते गायीच्या गर्भाशयात असतात तसे सुटे सुटे गुच्छ. त्याला जनावर मिळत होतं, गरोदर बाईचा देह मिळाला नव्हता. जे पाहिलं नाही ते त्याने जवळच्या माहितीवरून भरून काढलं, आणि त्याच्या हातात कसब असल्यामुळे ती चूकही सुंदर झाली. याच माणसाने १५०७-०८ च्या हिवाळ्यात फ्लॉरेन्सच्या रुग्णालयात शांतपणे वारलेल्या, स्वतःला शंभरीपार सांगणाऱ्या एका म्हाताऱ्याचं शवविच्छेदन केलं आणि आक्रसलेल्या, नागमोडी झालेल्या रक्तवाहिन्यांची नोंद ठेवली. रक्तवाहिन्या कठीण होण्याच्या विकाराचं हे फार जुनं वर्णन मानलं जातं. महाधमनीच्या झडपेशी रक्ताचे भोवरे कसे होतात हे पाहायला काचेचा नमुना करून त्यात गवताचं बी टाकलेलं पाणी सोडावं, असंही त्याच्या टिपणांत आहे. ते भोवरे झडप मिटायला मदत करतात, हे प्रयोगांनी सिद्ध व्हायला विसावं शतक उजाडलं. जिथे त्याला टेबलाशी बसायला मिळालं तिथे तो वैद्यांच्या पुढे गेला. जिथे नाही, तिथे गायीची वार आली. चित्रकाराला बाहेर ठेवल्याने चित्रं निघायची थांबत नाहीत. चुकीची निघतात.

सुश्रुतसंहितेतली पद्धत आठवून बघा. देह मुंज गवतासारख्या वेष्टनात गुंडाळून, पिंजऱ्यात घालून वाहत्या पाण्यात ठेवायचा. सात रात्रींनी काढून वाळ्याच्या किंवा बांबूच्या कुंचल्याने हळूहळू घासत एकेक थर डोळ्यांनी बघायचा. ग्रंथात वाचलेलं आणि डोळ्यांनी पाहिलेलं एकत्र आलं तरच ज्ञान वाढतं, असा सुश्रुताचा आग्रह. त्या परंपरेत पाहणं होतं, पण पाहिलेलं रेघेत उतरवून पुढच्या पिढीच्या हाती देणं फारसं झालं नाही. याचा तोटा किती झाला, हा वेगळ्या पत्राचा विषय.

तुमच्या शास्त्राच्या इतिहासात चित्रकार पहिल्यापासून आहे, फक्त त्याचं नाव बारीक अक्षरात आहे. शरीररचनाशास्त्रज्ञ वेसालियसचा १५४३ चा ग्रंथ आजही त्यातल्या लाकडी ठशांच्या चित्रांमुळे ओळखला जातो, पण ती कुणी काढली हे त्या ग्रंथात कुठेच छापलेलं नाही. व्हेनिसचा चित्रकार तिशियन याच्या चित्रशाळेकडे बोट दाखवून अभ्यासक आजही वाद घालतात. १८५८ चं हेन्री ग्रेचं ‘ग्रेज ॲनाटॉमी’ हे पुस्तक तुम्ही सगळ्यांनी उशाशी घेतलंय. त्यातल्या ३६३ आकृत्या हेन्री वँडाइक कार्टरच्या. अवयवांची नावं बाजूला आकडे देऊन छापण्याऐवजी त्या त्या अवयवावरच लिहायची त्याची पद्धत विद्यार्थ्यांना इतकी सोयीची पडली की पुस्तक खपलं ते बरंचसं त्यामुळे. शीर्षकपृष्ठावर मात्र त्याचं नाव ग्रेच्या नावापेक्षा लहान टायपात. हाच कार्टर पुढे मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात शिकवायला गेला आणि कुष्ठरोगावर त्याने मोलाचं काम केलं. तो स्वतः डॉक्टर होता, म्हणून निदान तेवढं तरी नाव टिकलं.

न्यूरॉनचा, म्हणजे मेंदूतल्या सुट्या चेतापेशीचा, शोध हाही चित्र काढणाऱ्या हाताचाच आहे, असं मी म्हटलं तर तुमच्यातले काही हसतील. स्पेनच्या सांतियागो रामोन इ काहाल याला चित्रकार व्हायचं होतं. शरीररचना शिकवणाऱ्या वडिलांनी त्याला कबरस्तानात नेऊन हाडं दाखवली, काढायला लावली, आणि पोरगा त्या वाटेने मेंदूपर्यंत पोचला. इटलीच्या कामिल्लो गॉल्जीची पेशी रंगवण्याची पद्धत वापरून त्याने आणि काहालने, दोघांनी एकाच प्रकारच्या पेशी सूक्ष्मदर्शकाखाली पाहिल्या. गॉल्जीला तिथे एक सलग जाळं दिसलं. काहालला सुट्या पेशी दिसल्या, टोकं एकमेकांजवळ येऊन थांबणाऱ्या. १९०६ चं नोबेल दोघांना विभागून मिळालं आणि गॉल्जी स्वीकाराच्या भाषणातही जाळ्याचाच पुरस्कार करत राहिला. रेघ कुठे थांबते, हा प्रश्न काहालच्या हाताला लहानपणापासून सवयीचा होता. यात योगायोगही असेल. मला तो सगळा योगायोग वाटत नाही.

आता जे काढलं गेलं नाही त्याबद्दल. क्लिटोरिस या स्त्रीच्या जननेंद्रियातल्या अवयवाची पूर्ण रचना, आतल्या भागासकट, जर्मन शरीरशास्त्रज्ञ कोबेल्टने १८४४ मध्येच तपशिलात काढून ठेवली होती. पुढे पाठ्यपुस्तकांत ती एका ठिपक्याएवढी उरली. ऑस्ट्रेलियातल्या हेलन ओकॉनेल या मूत्रविकार शल्यविशारदाने १९९८ साली पुन्हा डिसेक्शन करून पुस्तकांतलं वर्णन अपुरं आणि चुकीचं असल्याचं दाखवलं. मधली दीडशे वर्षं अवयव जागच्या जागीच होता, टेबलावरही आणि टेबलाभोवती उभ्या असणाऱ्यांतही. २०२१ मध्ये चिदिएबेरे इबे या नायजेरियन चित्रकाराने काढलेलं काळ्या आईच्या पोटातल्या काळ्या बाळाचं चित्र जगभर फिरलं. हजारो लोकांनी तेच लिहिलं : असं चित्र आम्ही आयुष्यात पहिल्यांदा पाहतोय. काळ्या कातडीवर पुरळ किंवा कावीळ कशी दिसते, हे ज्याने चित्रात कधी पाहिलं नाही त्या डॉक्टरला ती रुग्णावर उशिरा दिसते.

शिवाय ‘नमुना शरीर’ नावाचं प्रकरण. अंगठा आणि करंगळी एकमेकांना टेकवून मनगट किंचित आत वाकवा. मनगटाच्या मधोमध एक टेंडन दोरीसारखा वर आला तर तो पामारिस लाँगस या स्नायूचा. जगभराची सरासरी काढली तर शंभरातल्या चौदा-पंधरा जणांना तो स्नायूच नसतो, आणि हे प्रमाण लोकसमूहागणिक बरंच बदलतं. ॲटलासमधल्या माणसाला तो नेहमीच असतो. डिजिटल साधनांनी हा प्रश्न सुटला नाही. अमेरिकेतल्या ‘व्हिजिबल ह्यूमन’ प्रकल्पात एका पुरुषाच्या गोठवलेल्या देहाचे एकेक मिलिमीटरचे १,८७१ काप करून १९९४ मध्ये जगाला उपलब्ध केले, आणि असंख्य थ्रीडी मॉडेल्स त्यांवर उभी राहिली. तो पुरुष जोसेफ पॉल जर्निगन, १९९३ मध्ये टेक्सासमध्ये देहदंड झालेला. देह विज्ञानाला द्यायला त्याने होकार दिला होता. आपले काप जगभरच्या पडद्यांवर फिरतील, हे मात्र त्याला कुणी सांगितलेलं नव्हतं.

इथूनच मी दुसऱ्या मागणीकडे येते, आणि इथे चित्रकारांनीही मान खाली घालायला हवी. व्हिएन्नाच्या एडुआर्ड पेर्नकोफचा ॲटलास हा चित्रकलेच्या दृष्टीने आजवरच्या सर्वोत्तम ॲटलासांपैकी एक. परिघीय (मेंदू आणि मज्जारज्जूबाहेरच्या) मज्जातंतूंवर शस्त्रक्रिया करणारे काही सर्जन अजूनही तो उघडतात. पेर्नकोफ कट्टर नाझी. त्याच्या काही चित्रकारांनी सहीत स्वस्तिक आणि नाझींच्या एसएस दलाची चिन्हं गुंफली. पुढच्या आवृत्त्यांत ती पुसून टाकली गेली. व्हिएन्ना विद्यापीठाने नव्वदच्या दशकात चौकशी केली तेव्हा उघड झालं की नाझी काळात देहदंड झालेल्या किमान १,३७७ जणांचे देह तिथल्या शरीररचना संस्थेत आले होते. आज त्या पानांवरचा मज्जातंतू पाहताना तो कुणाचा, हे विचारल्याशिवाय पुढे जाता येत नाही. जाता येऊही नये. आणि हे फक्त नाझींचं पाप म्हणून सोडून देता येत नाही. ब्रिटनच्या १८३२ च्या कायद्याने बेवारस गरिबांचे देह डिसेक्शनला मिळू लागले, त्याच व्यवस्थेतून ग्रे आणि कार्टरचं काम झालं. एकेका सुंदर आकृतीमागे जो माणूस होता, त्याला कुणी काही विचारलं नव्हतं.

स्कॉटलंडच्या क्रिस्टीन बॉरलंड या कलावतीने १९९४ मध्ये याच प्रश्नाला हात घातला. शिकवण्यासाठी विकला जाणारा मानवी सांगाडा तिने टपालाने मागवला आणि न्यायवैद्यक तज्ज्ञांच्या मदतीने त्या हाडांवरून चेहरा उभा केला. समोर आली एक तरुण आशियाई बाई. सांगाड्यांच्या व्यापाराच्या यादीत जी वस्तू होती, तिचा त्या कामात चेहरा झाला. कला आणि विज्ञान एकत्र आले की काय होऊ शकतं याचं उदाहरण मला कुणी मागितलं तर मी हे देते, रंगीबेरंगी मेंदूची पोस्टर्स नाही.

म्हणून अर्जावरची ओळ. ‘शिक्षण व संशोधनासाठी’ या मोघम शब्दांत चित्र बसतं की नाही, हे आज विभागप्रमुख स्वतःच्या अंदाजाने ठरवतात. ते दात्याला ठरवू द्या. एखाद्याला आपल्या हाताचं चित्र भिंतीवर लागलेलं आवडेल; एखादीला विद्यार्थ्यांनी शिकण्यापुरतं काढलेलं चालेल, प्रदर्शन नको असेल; कुणाला दोन्ही नको असेल. तिन्ही उत्तरं सन्मानाची आहेत. आणि ज्यांनी जिवंतपणी स्वतः होकार दिलेला नाही, अशा बेवारस देहांपाशी चित्रकाराला बसवूच नका, मग विषय कितीही दुर्मिळ असो.

तुमच्या शंका मला ठाऊक आहेत. हॉलची शिस्त बिघडेल, फोटो बाहेर जातील, बघ्यांची गर्दी होईल. चित्रकाराला विद्यार्थ्यांचेच नियम लावा : तोच ॲप्रन, तीच शपथ, फोन दाराबाहेर. चेहरा, गोंदण, ओळख पटेल असा व्रण काढायचा नाही. वही बाहेर जाण्याआधी विभागाने एकदा पाहावी. चित्र विकायचा विचार असेल तर तो अर्जातच लिहावा आणि दात्याच्या होकारात ते बसतं का ते तपासावं. या अटी मला जाचक वाटत नाहीत. ज्याला वाटतील त्याला आत घेऊ नका.

वेळ नाही, हे कारण मात्र मला पटत नाही. डिसेक्शनचे तास कित्येक ठिकाणी आधीच घटलेत, काही ठिकाणी देह जाऊन पडदे आलेत. अशा वेळी उरलेल्या तासात विद्यार्थ्याने काय पाहिलं हे अधिक महत्त्वाचं ठरतं. अमेरिकेत पेन्सिल्व्हेनिया विद्यापीठाच्या पहिल्या वर्षाच्या ३६ वैद्यकीय विद्यार्थ्यांवरचा एक अभ्यास २०१८ मध्ये प्रसिद्ध झाला. निम्म्यांना कलासंग्रहालयात नेऊन चित्रं नीट पाहायला आणि पाहिलेलं शब्दांत मांडायला शिकवलं. डोळ्यांच्या आजारांची छायाचित्रं पाहून वर्णन करण्यात तो गट दुसऱ्या निम्म्यांपेक्षा लक्षणीय सुधारला. अभ्यास छोटा आहे, आणि ती मुलं चित्रं पाहायला शिकली होती, काढायला नाही. त्यामुळे मी त्याच्यावर फार मोठा मनोरा रचणार नाही. पण नजर शिकवता येते आणि ती एका विषयातून दुसऱ्यात नेता येते, एवढं त्यातून नक्की दिसतं. पहिल्या सत्रात आठवड्यातून एक तास, प्रत्येक टेबलावर पेन्सिल आणि कोरा कागद, शिकवायला शिक्षकाच्या जोडीला एक चित्रकार. गुण देऊ नका. चित्र चांगलं आलं का, हे तर बघूच नका. पदर कुठल्या बाजूने खाली गेला तेवढं विचारा.

अर्जावरच्या ओळीचा कच्चा मसुदा देते, कायदा जाणणाऱ्यांनी तो घोटून घ्यावा :

‘माझ्या देहावरून, माझी ओळख उघड होणार नाही अशा रीतीने, चित्रे किंवा शिल्पे करण्यास (अ) फक्त विद्यार्थ्यांच्या शिक्षणासाठी, (आ) शिक्षण व जाहीर प्रदर्शन दोन्हींसाठी माझी संमती आहे, (इ) माझी संमती नाही. हा निर्णय मी केव्हाही लेखी कळवून बदलू शकतो/शकते.’

छापील अर्ज संपेपर्यंत थांबू नये. तोवर ही ओळ वेगळ्या चिठ्ठीवर छापून अर्जाला टाचता येईल. प्रवेशाबाबत तुमच्या विभागाचं उत्तर नकाराचं असेल तर तेही कारणासह लेखी कळवावं, म्हणजे पुढचा अर्ज त्याप्रमाणे दुरुस्त करून पाठवता येईल.

कळावे,

आपली,
एक चित्रकार